निशाणाच्या पुढे चालणारा

२०२४ चा एप्रिल. वसंत. म्हणजे जपानात वसंत. आमच्याकडे उम्म अल कुवैनला एसीवाल्यांचे दिवस सुरू झाले होते. ईदची सुट्टी लागली होती आणि दुबईचे रस्ते पाण्यात जायला अजून आठवडा होता. त्या सुट्टीत आम्ही पाच जण जपानला जाऊन आलो.

सहल तेव्हाच संपली. किस्से संपत नाहीत. किस्सा इथल्या वाळूसारखा असतो. दारं-खिडक्या लावून बसलं तरी घरात येतो. आज झाडून काढला की उद्या तेवढाच पुन्हा. रविवारी सकाळी सावंतच्या कॅफेटेरियात आम्ही जमतो, करक चहा येतो आणि कोणीतरी जपान काढतो. बहुतेक किस्से माझ्यावरचे. दुसऱ्यानं तिखटमीठ लावून सांगण्यापेक्षा मीच सांगतो.

मी कदम. शिक्षण सातवी. सुतार म्हणून आलो, शटरिंगचा फोरमन झालो, आता इंडस्ट्रियल एरियात ॲल्युमिनियमच्या दार-खिडक्यांचं दुकान आहे. कमल माझी बायको. घाणेकर रुवैसला अकाउंट्समध्ये होता. रिटायर झाल्यावर दुबई मरीनाला मुलीकडे राहतो. रेवा ही ती मुलगी. इथेच वाढली. मराठी सगळं समजतं, उत्तर अर्धं इंग्लिशमध्ये. सहलीचं बुकिंग तिनंच केलं. सावंत धरून आम्ही पाच.

*

रेवा म्हणाली, "अंकल, ताकायामाला वॉकिंग टूर घेऊ या. ओल्ड टाउन. गाइड आपल्याला चालवत नेते."

"गाडी कुठली?"

"नो गाडी. वॉकिंग."

"मग पैसे कसले?"

"हंड्रेड अँड ट्वेंटी दिरहम्स ईच."

घाणेकरचा हिशेब तयार. "सत्तावीसशे रुपये माणशी!"

मी म्हणालो, "सत्तावीसशे देऊन चालायचं? उभा जन्म मी साइटवर चाललो, तो पैसे घेऊन!"

कमल म्हणाली, "बरोबर आहे. आता त्यातले थोडे परत करा."

*

मग तयारी. डॉक्टरनं घाणेकरला सांगितलं होतं, जाण्याआधी रोज चाला. इकडे उन्हात कोण चालणार? आम्ही मॉलमध्ये चाललो. महिनाभर. गुळगुळीत फरशी, थंड हवा, मध्ये कॉफी. घाणेकर सगळ्यांना सांगायचा, "आम्ही ट्रेनिंग घेतोय!"

ताकायामाला पहिलं देऊळ टेकडीवर निघालं. खाली उभं राहून वर पाहिलं. दगडी पायऱ्या, संपायचं नाव नाही. सगळे चढायला लागले. सावंत दिसेना. बघतो तर पायऱ्यांच्या कडेनं, झाडांमागे फिरतोय.

"काय शोधतोयस?"

"अरे, एस्कलेटर कुठून सुरू होतो?"

मी हसलो. पण खरं सांगतो, त्याच्याआधी मीही एक चक्कर मारून आलो होतो.

*

सावंतनं सकाळी केळं खाल्लं. साल टाकायला कुठे डबा नाही. जपानात रस्त्यावर डबेच नसतात आणि तरी रस्ता आरशासारखा. हा माणूस तीन गल्ल्या साल हातात घेऊन चालला, मग रुमालात गुंडाळून कोटाच्या खिशात ठेवलं आणि विसरला.

पाच दिवसांनी दुबई एअरपोर्टला कस्टमच्या अलीकडे एक डबा दिसला. सावंत धावला. खिशातून काळं काहीतरी काढून त्यात टाकलं, हात झटकले आणि मोठ्यानं म्हणाला, "खलास! आता घरी आलो!"

*

बुटांचा किस्सा माझ्यावर आहे. रेवानं सांगितलं होतं, चालायचे बूट घ्या. माझ्याकडे साइटचे सेफ्टी शूज आहेत. पुढे लोखंड. नवे कशाला घ्यायचे?

त्या टेकडीवरच्या देवळात बूट काढून प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून हातात धरायचे होते. आत इतकं शांत, की घाणेकरचं पोट बोललेलं ऐकू आलं. माणसं डोळे मिटून बसलेली. पिशवीला माझ्या बुटांचा अंदाज नव्हता. फाटली.

धाड! मग दुसरा. धाड!

लाकडी जमीन. आवाज मागच्या डोंगरापर्यंत गेला असेल. सगळे डोळे उघडले. आमच्या गाइड ओकादाबाई, सत्तरीच्या, बारीक, काठीसारख्या ताठ. माझ्याजवळ आल्या आणि हळूच म्हणाल्या, "कदम-सान, इथली घंटा बाराला वाजते. तुम्ही थोडी लवकर वाजवलीत."

*

आता मुख्य गोष्ट. ओकादाबाईंच्या हातात पिवळं निशाण असायचं. नियम एकच: निशाणाच्या मागे चालायचं.

मला ते जमेना. फोरमन पुढे चालतो. मागे वळून बघतो, कोण रेंगाळलं. इतक्या वर्षांची सवय. मी बाईंच्या मागे निघायचो आणि दहा पावलांत पुढे असायचो. पुढे गेलो की वळून हात करायचो, "चला, चला! यल्ला!"

रेवा धावत यायची. "अंकल, प्लीज! स्टे बिहाइंड हर!"

एकदा तर बाई डावीकडे वळल्या आणि आमच्याच टूरमधलं अमेरिकेचं एक जोडपं माझ्यामागे उजवीकडे आलं. बराच वेळ चाललं. शेवटी त्या माणसानं विचारलं, "व्हॉट इज धिस बिल्डिंग?"

मी वर पाहिलं. बोर्ड जपानीत. म्हणालो, "ओल्ड. व्हेरी ओल्ड."

तो खूश झाला. ते शौचालय होतं.

*

जुन्या गावातली घरं काळ्या लाकडाची. दारापुढून पाण्याचे पाट वाहतात. एका गल्लीच्या तोंडाशी ओकादाबाईंनी थांबवून सांगितलं, पुढे एक व्यापाऱ्याचं जुनं घर आहे, ते आपण आतून बघणार. त्याआधी आणखी काही सांगत होत्या. ते मी ऐकलं नाही. मी पुढे गेलो होतो.

एक दार अर्धं उघडं दिसलं. म्हटलं, हेच. बूट काढले, आत शिरलो. एक म्हातारा गृहस्थ बुटक्या टेबलापाशी बसून शेवयांचं सूप पीत होते.

आमच्याकडे हेरिटेज व्हिलेजमध्ये म्हाताऱ्यांना जाळी विणायला बसवतात. जुनं जगणं दाखवायला. लोक बघतात, फोटो काढतात. मला वाटलं, इथे जेवायला बसवलाय. हात मागे बांधून मी त्यांचं जेवण बघितलं. मान डोलावली. फोटो काढला. त्यांनी जेवायच्या काठ्या खाली ठेवल्या आणि माझ्यासाठी एक गादी पुढे सरकवली. म्हटलं, सर्व्हिस चांगली आहे!

मग आतली खोली बघावी म्हणून दाराला हात घातला. लाकडी चौकट, कागद लावलेला. ढकललं. हलेना. खांदा लावला.

ते सरकतं दार होतं. माझ्या दुकानाच्या पाटीवर लिहिलंय: स्लायडिंग डोअर स्पेशालिस्ट.

दार घेऊन मी आत पडलो. आत त्यांची बायको आजारी, अंथरुणावर झोपलेली. ती जी किंचाळली!

शेजारी जमले. आमची माणसं आली. ओकादाबाई आल्या, एकदा दाराकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. मग उंबऱ्याशी गुडघे टेकले, दोन्ही हात जमिनीवर ठेवले आणि कपाळ जमिनीला लावलं. त्या वयात. किती वेळ, कोण जाणे.

मी उभाच. ताठ.

कमल दात आवळून म्हणाली, "अहो, वाका!"

मी वाकलो नाही. वाकायचं नव्हतं असंही नाही. मान ऐकेना. ती कोणापुढे झुकलीच नव्हती कधी. ना मुकादमापुढे, ना अरबापुढे. बाहेर आल्यावर रेवाला म्हणालो, "बाईंना सांग, दाराचे पैसे मी देतो."

ओकादाबाई म्हणाल्या, "दार दुरुस्त होईल." बाकी काही नाही. निशाण उचललं आणि चालायला लागल्या. त्या दिवशी मी पहिल्यांदा निशाणाच्या मागे चाललो.

*

इकडे आल्यावर सगळे हसले. मीही हसलो. घाणेकर भेटला की विचारायचा, "फोरमन, मान कशी आहे? तेल घालू का?"

मग ऑगस्टमध्ये बाईंशी मेसेजवर बोलून रेवानं सांगितलं ते ऐकून हसणं थांबलं. ओकादाबाईंनी त्या गल्लीला शब्द दिला होता, 'माझी माणसं कोणाला त्रास देणार नाहीत.' त्या शब्दावर गल्ली त्यांना येऊ देत होती. आता येऊ देत नव्हती. बाई लोकांना नदीकडून फिरवून नेत होत्या. माणसं कमी झाली होती. जुनी गल्लीच बघायची नसेल तर येणार कोण?

मी म्हणालो, "बाईंनी एवढी माफी मागितली, तरी?"

"दॅट्स द पॉइंट, अंकल. ते आजोबा म्हणतात, चूक त्या माणसाची. ही का आली? तो का नाही आला?"

सावंत चहा ओतायचा थांबला. म्हणाला, "कदम, त्या बाईचं डोकं तुझ्यावर उसनं आहे रे."

"मला कळतं," मी म्हणालो आणि उठून आलो.

पुढचे तीन रविवार मी गेलो नाही. चौथ्या रविवारी कमल कपडे घडी करता करता म्हणाली, "तुमची मान त्या बाईच्या वाटेत आडवी पडलीय. उचला तरी, नाहीतर वाकवा तरी."

मी चप्पल घातली. कमलनंही.

*

कॅफेटेरिया भरलेला होता. मी रेवाला म्हणालो, "लाव त्या आजोबांना फोन."

"अंकल, नाऊ? हिअर? आधी विचारावं लागेल त्यांना."

"विचार."

तिनं ओकादाबाईंना विचारलं. त्या घरून निघाल्या, त्या गल्लीत गेल्या, त्या दारात उभ्या राहिल्या. आमचे दोन-दोन चहा झाले. मग फोन वाजला. तिकडे दुपार होती. पडद्यावर ते गृहस्थ. तेच टेबल. मागे सरकतं दार, नवा कागद लावलेलं. शेजारी त्यांची बायको बसलेली.

रेवानं फोन साखरेच्या डब्याला टेकवून ठेवला. "अंकल, जस्ट से सॉरी अँड बो अ लिटल. खुर्चीतूनच."

मी म्हणालो, "बाई खुर्चीवर होत्या का?"

टेबल सरकवलं. फोन जमिनीवर ठेवायला लावला. गुडघे कडकड वाजले. हात फरशीवर ठेवले आणि कपाळ टेकवलं. फरशी थंड होती. रात्रीच पुसलेली, फिनाइलचा वास.

"माझी चूक," मी मराठीत म्हणालो. "बाईंची नाही." रेवानं इंग्लिशमध्ये सांगितलं, ओकादाबाईंनी जपानीत.

कॅफेटेरियात सगळं थांबलं. परोटे न्यायला आलेला एक पठाण ड्रायव्हर म्हणाला, "क्या हुआ? चाचा गिर गया?"

सावंत म्हणाला, "शू! चालू आहे."

थोड्या वेळानं रेवाचा आवाज. "अंकल, यू कॅन गेट अप."

मी फरशीलाच विचारलं, "ते काय करतायत?"

"ही इज ऑल्सो डाउन."

"म्हणजे?"

"त्यांनी पण डोकं टेकवलंय. तुम्हाला बघून."

"मग त्यांना आधी उठू दे."

तिकडे काहीतरी बोलणं झालं. रेवा म्हणाली, "ते म्हणतात, आधी तुम्ही."

"वय विचार त्यांचं."

"एटी-वन."

"मग ते मोठे. मोठ्यांनी आधी उठायचं."

"अंकल, ते म्हणतात, त्यांच्या घरात पाहुणा आधी."

"सांग, मी माझ्या गावात आहे. इथे पाहुणे ते!"

घाणेकर म्हणाला, "दोघं संध्याकाळपर्यंत उठत नाहीत आता!" कमल तोंडाला पदर लावून बसलेली, हे मला न बघता कळलं. सावंतचा स्वयंपाकी आतून ओरडला, परोटे जळतायत, कोणी घेणार आहे की नाही! मी हललो नाही. तिकडून तेही हलले नाहीत.

शेवटी तो पठाण पुढे आला. "खलास चाचा, बस!" म्हणाला आणि माझ्या काखेत हात घालून मला उचलून उभं केलं.

फोनमध्ये हसण्याचा आवाज आला. त्यांच्या बायकोचा.

पुढच्या रविवारी रेवानं एक फोटो दाखवला. तीच गल्ली, कडेनं पाण्याचा पाट. मधोमध ओकादाबाई, मागे आठ-दहा माणसं.