तुळशीत ओतलेलं निळं पाणी

काल वाण्याकडे मोरचुदाचा निळा खडा दिसला आणि मी काय घ्यायला आले होते तेच विसरले. आमचे हे कल्याण स्टेशनात तारमास्तर होते, कचेरीमागेच आमची खोली. तारेची बॅटरी म्हणजे मोरचुदाच्या पाण्याने भरलेल्या काचेच्या बरण्या. त्या हे घरी आणून धूत आणि नवं पाणी भरून परत नेत. एकदा बरण्या आणल्या आणि यांनाच ताप भरला, म्हणून त्या धुवायला मी बसले. हे खाटेवरून सांगत होते, "अगं, आधी तारा सोडव, मग जस्ताची पट्टी उचल. ओला हात डोळ्यांना लावू नकोस. आणि पाणी मागच्या खड्ड्यात ओत हो!" सगळं नीट केलं बघा, शेवटचं तेवढं ऐकलं नाही. माणसांचे निरोप पार पुण्यापर्यंत नेणारं पाणी, ते पायदळी कसं येऊ द्यायचं? पूजेचं पाणी ओततो तसं मी ते तुळशीत ओतलं, वर हातही जोडले. ती तुळस आमच्या लेकीने लावलेली, देवीच्या साथीत पोर गेली त्याच्या आदल्याच महिन्यात. चार दिवसांत पानं काळी पडली. मी विहिरीच्या पाण्याची घागरीमागून घागर ओतली, माती बदलली, कशाचा उपयोग झाला नाही. "दुसरी लावू गं," हे म्हणाले. "लावाल हो, पण लावणारी कुठून आणाल?" यांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. नव्या पाण्यावर कचेरीतली तार मात्र पुन्हा कडकडू लागली, ती मला दिवसभर ऐकू येई. आता सुनेच्या अंगणात तुळस आहे. तिला पाणी घालायला मी अजून सुनेलाच हाक मारते.