विहिरीतल्या स्फटिकाला मी लाथ मारली

भूत, करणी, भानामती यांवर माझा कधी विश्वास नव्हता. आजही नाही. मी स्वतः पायाळू आहे, म्हणजे पायाकडून जन्मले. पायाळूची लाथ बसली की उसण भरलेली पाठ मोकळी होते, पायाळूला जमिनीतलं पाणी कळतं, असं लोक धरून चालतात. लहानपणी आमच्या दारात कोणी ना कोणी पालथं पडलेलं असायचंच. दुखतं कुठे ते विचारायचं, तिथे डाव्या पायाने लाथ मारायची... आणि गुळाचा खडा घ्यायचा. त्यात काही नसतं. मला नाही तर कोणाला माहीत असणार?

तरी हे लिहिते आहे. मी सांगते आणि नात टाईप करते. मघाशी तिने विचारलं, "आजी, खरंच असं झालं?" म्हटलं, तू बटणं दाब.

आमचं गाव संगमनेर तालुक्याच्या पठारावर, नाशिक-पुणे रस्ता सोडून बरंच आत. आम्ही ख्रिस्ती. मोठी लढाई चालू होती तेव्हाची ही गोष्ट. रॉकेल मिळत नव्हतं, सुरुंगाची दारूही नाही. घरात बाबा, आई, मी आणि माझी धाकटी बहीण मार्था. तिचा डावा पाय तापात वाळला होता. काठी टेकत अंगणापुरतं चालायची. हिचं लग्न काही होणार नाही, निदान मास्तरीण तरी होईल, म्हणून बाबांनी तिला मिशनच्या शाळेत घातलं. शाळा ओढ्यापलीकडे. तिला पाठुंगळी न्यायचं काम माझं. नेलीच आहेस तर तूही बस, असं करत माझीही चौथी झाली. पण हुशार ती. पुडीचा कागद असो, दुकानाची पाटी असो, माझ्या पाठीवर बसून माझ्या कानात वाचत राहायची.

शेजारची काकू म्हणायची, "अख्ख्या गावाच्या पाठी सरळ करतीस गं सगुना, आन घरातला पाय तेवढा जमंना व्हय?"

मार्थाच उत्तर द्यायची. "पाय सरळ झाला तर तुमी कुनाकडं बघून हळहळायचं, काकी?"

त्या उन्हाळ्यात बाबांनी विहीर काढायला घेतली. सगळा काळा फत्तर. खोदणाऱ्यांच्या पहारी बोथट झाल्या. मग एक दिवस खडक फुटून आत पोकळी निघाली. बैल बसेल एवढी, आणि आतून सगळीकडे पांढरे, काचेसारखे स्फटिक. काही बोटाएवढे, काही हातभर. पाण्याचा थेंब नाही.

खोदणाऱ्यांचा मुकादम यल्लप्पा बाबांना म्हणाला, "भाऊ, तुमची थोरली पायाळू हाय न्हवं? तिला उतरवा खाली. खडकाला लाथ घालू द्या. पानी फुटंल."

"आमच्यात असलं चालत न्हाई. पाळकसायबांच्या कानावर गेलं म्हंजी?"

"पानी लागलं तर त्यांना बाप्तिस्म्याला तेच लागंल की!"

बाबा हसले. म्हणून मार्थाला पाठीवरून काठावर ठेवलं आणि मी उतरले.

भर दुपार होती. डोक्यावर ऊन, उजेड थेट तळापर्यंत. मी पोकळीच्या तोंडाशी उभी राहिले आणि ते स्फटिक वळले. शेळ्यांच्या कळपात परका माणूस शिरला की सगळ्या माना एकदम फिरतात, तसे... आवाज न करता. मला भीती वाटली नाही. काहीच वाटलं नाही. ते माझ्याकडे बघत होते, एवढं मात्र नक्की.

सगळ्यात मोठ्या स्फटिकाच्या सपाट अंगात मार्था दिसत होती. ती वर काठावर काठी टेकून वाकली होती, तिचं प्रतिबिंब. वाळका पाय अगदी स्वच्छ दिसत होता.

"घाल की पोरी!" यल्लप्पा वरून ओरडला.

सवयच होती... लाथ मारायची ती दुखऱ्या जागी. मला तिथे दुखरी जागा एकच दिसली. तिच्यावर मारली.

वर आले तर मार्था धावत आली. दोन्ही पायांवर. "लागलं का पानी?"

"तुझी काठी कुठाय?"

"शेळ्यांची व्हय? घरी ऱ्हायली."

मी बाबांकडे पाहिलं, यल्लप्पाकडे पाहिलं. त्यांना त्यात नवल असं काही दिसत नव्हतं. मी पायाचं विचारलं तर बाबा म्हणाले, "कुनाचा पाय?" आई म्हणाली, "ऊन लागलं पोरीला, कांदा हुंगवा." हुंगवला.

चहाच्या वेळी मी माझं शाळेचं पुस्तक मार्थापुढे धरलं. "वाच."

तिने चित्र बघितलं, पान उलटून दुसरं चित्र शोधलं. "मला कुठं येतंय वाचाया? शाळेत तू जातीस."

आई चुलीपासून म्हणाली, "दोघी शाळंत गेल्या तर शेळ्या काय पाळक राखनार?"

तेव्हा कळलं. पाय धड होता, म्हणून तिला शिकवायचं कधी कोणाला सुचलंच नव्हतं. ज्याने कोणी हे जुळवलं त्याने सगळं बरोबर जुळवलं होतं. फक्त मी तेवढी जुळवायची राहिले होते.

दुसऱ्या दिवशी सुरुंगाची दारू आली. पोकळी उडवणार म्हणाले. सकाळी मी मार्थाला विचारलं, "पाय आन अक्षरं यातलं एकच मिळनार असंल तर काय घेशील?"

"पाय. अक्षरांनी शेळ्या वळत्यात व्हय?"

"तुला वाचाया येत हुतं, मार्थे."

"आन तुला उडाया येत हुतं!" म्हणाली, आणि बांधावरून उडी मारून गेली. तिला उडी मारताना मी तोवर कधी पाहिलं नव्हतं.

सुरुंग भरायच्या आधी मी पुन्हा खाली उतरले. ते पुन्हा वळले. थांबून होते... माझ्यासाठीच, असं वाटलं. त्या मोठ्या स्फटिकात मार्था दिसत होती, वर कंबरेवर हात ठेवून उभी, कोणाला तरी हसत. मी पाय उचलला. डोक्यापासून तळव्यापर्यंत तिला निरखलं. दुखरी जागा सापडेना. पाय खाली ठेवला आणि वर आले.

सुरुंग उडाला. पांढरे तुकडे रानभर पडले. ते कोणाकडे वळले नाहीत. पाणीही लागलं नाही.

पुढे मी मार्थाला शिकायला बसवलं. चार अक्षरांतच कंटाळून उठायची, आणि उठता येत होतं म्हणून मी काही बोलायची नाही. तिचं लग्न झालं, श्रीगोंद्याकडे उसाच्या रानात राबली, पोरं झाली. अंगठा उठवायची आणि मजेत होती. "एवढं कशाला वाचतीस गं, डोळं जातील," म्हणायची मला.

आता असले दगड लोक काचेच्या कपाटात मांडतात. जाणकारांना मी विचारलं. खडकात पोकळी कशी होते, स्फटिक कसे वाढतात, सगळं सांगतात. बाकीचं कोणाला सांगता येत नाही. मलाही येत नाही. मला ऊन लागलं असेल, असंही धरून पाहिलं. पण मार्थाला न्यायचं नव्हतं, तर मी शाळेत गेले कशाला? बाबा तर सांगायचे, एकटीच जायचीस. मला आठवतं ते माझ्या पाठीवरचं वजन.

मार्था गेली तेव्हा दफनाला मी होते. तिच्या सुना रडत होत्या, नातवंडं रडत होती. मला रडू आलं नाही, ते सगळ्यांनी पाहिलं. समोर होती तिच्यासाठी रडायला माणसं पुष्कळ होती. पाठीवर बसून वाचणाऱ्या दुसरीला ओळखणारी मी एकटी, आणि तिला पुरायला काहीच नव्हतं. पाळक म्हणाले, "सगुणाबाई, माती टाका."

टाकली.