चौघांच्या सहा जोड्या

एका खोलीत चार पुरुष राहिले की किस्से खरकट्या भांड्यांसारखे साचत जातात, घासायला कुणीच उठत नाही! आमची खोली चिंचवडला. पिंपरीचा कारखाना नवा, तसेच आम्हीही. वयानं मोठा कुरुळीचा नाना, बीडकडचा गणपत, राजापूरचा दामू आणि मी साताऱ्याचा.

*

स्वयंपाकावरून रोज जुंपायची. शेवटी दामूनं कांदा, बटाटा, वांगं आणि मिरची समोर मांडली. "हे आपण चौघे. रोज दोघांनी रांधायचं. तर जोड्या किती?"

दोन-दोन उचलून त्यानं सहा जोड्या दाखवल्या. गणपत हटेना. "बटाटा-कांदा ऱ्हायली की!"

"कांदा-बटाटा झाली ना? उलटी धरलीस म्हणून भाजी बदलते काय रे?"

सहा जोड्या आणि कामाचे वारही सहा! रविवारी खानावळ. आठवडा आपणच बनवल्यासारखा दामू खूश झाला.

*

प्रत्येक जोडीची तऱ्हा वेगळी. मंगळवारी नाना-गणपतचा ठेचा खाऊन डोळ्यांना धार लागायची. शनिवारी दामूनं आणि मी भात केला की नाना पानावरून ओरडायचा, "भाकरी कुठं हाय?" गुरुवार दामू-गणपतचा. दोघं मिठावरून कचाकचा भांडायचे आणि जेवण नेमकं त्याच दिवशी फक्कड व्हायचं.

*

नाना तर वारांची खरी नावंच विसरला. खात्यात एकदा सुपरवायझर साहेबांनी विचारलं, "नाना, आज वार कोणता?"

"दामू-गणपत!"

सगळं खातं खो खो हसलं. मग दर गुरुवारी साहेब मुद्दाम विचारायचे आणि नाना छाती काढून तेच उत्तर द्यायचा.

*

दामूच्या खोकल्यात रक्त दिसलं. त्याला क्षयाच्या इस्पितळात ठेवलं. मी म्हटलं, "आता आपण तिघंच. जोड्या नव्यानं लावू."

नाना उखडला. "मंग त्यो आल्यावर त्याचे वार कुठनं काढायचे?"

दामूचे वार आम्ही तसेच ठेवले. त्या दिवशी ज्याचा जोडीदार नाही, तो एकटाच स्टोव्हपुढे बसायचा.

*

इस्पितळात दामूनं पहिलं विचारलं, "गुरुवारी कोण रांधतं?"

"मीच की एकटा," गणपत म्हणाला. "तुझा वार तसाच हाय."

दामूचे डोळे भरले. "माणूस एकच कमी झाला, पण जोड्या निम्म्या गेल्या रे. नव्यानं मांडा."

"न्हाई मांडायच्या," नाना म्हणाला.

"मीठ लई पडतंय," गणपत म्हणाला. "तू ये, मग बघू."

*

दामू आला नाही. त्याला पोचवून दोन-चार दिवसांनी आम्ही कामावर गेलो. साहेब त्या सकाळीच रजेवरून परतले होते, त्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं. नेहमीसारखे हसत आले.

"काय नाना, आज वार कोणता?"

नानानं गणपतकडे पाहिलं. गणपतनं मान वर केली नाही.

"गुरुवार, साहेब," नाना म्हणाला.