देवाला सोडलेले बोकड

आमचं गाव देवरूखच्या बाजूचं. तिथल्या देवराईतली वाळकी काटकीसुद्धा कुणी उचलायची नाही, असा नियम. शेजारच्या काकूने एकदा चुलीसाठी चार फांद्या आणल्या, तर तिला देवळात नारळ ठेवून सगळ्यांसमोर नाक घासायला लावलं. पुढे त्याच राईत बोकड मोकाट चरायला लागले आणि गावाने हात जोडले. चोर सोडून संन्याशाला फाशी, दुसरं काय!

झालं असं. नवसाचा बोकड पूर्वी देवासमोर कापायचे आणि वाटे घरोघर जायचे. मग मुंबईच्या चाकरमान्यांना त्याची लाज वाटू लागली. त्यांच्या मंडळाच्या अध्यक्षाने ठरवलं, बळी नको, बोकड राईत जिवंत सोडू. ऐकायला किती छान! घाटावरच्या बाजारातून लांब कानांचे बोकड टेम्पोने आले, गळ्यात हार घालून फोटो निघाले. मागोमाग कुणी शेळ्याही सोडल्या. देवाचं जनावर, त्याला हाकलायचं कुणी? पिल्लं झाली, पिल्लांना पिल्लं झाली, आणि राईत उगवणारं प्रत्येक रोप त्यांनी खाल्लं. वर किंजळ-बेहड्याची म्हातारी झाडं आणि खाली झाडून काढल्यासारखी उघडी जमीन.

माझे बाबा त्या देवाचे गुरव. पोटच्या पोरांपेक्षा त्यांनी राईकडे जास्त पाहिलं, हे मी रागानेच लिहिते आहे, पण खरं आहे. "ही झाडां पडली की मागं कोण?" असं ते जेवताना विचारायचे. घास तसाच हातात राहायचा. शेवटी त्यांनीच गावाला सांगितलं, बोकड बाहेर काढायचे का ते देवालाच विचारू.

शिमग्याला चाकरमानी आले तेव्हा कौल लावला. देवाच्या पाषाणाला फुलांचे ओले कळे चिकटवायचे. उजवीकडचा पडला तर देवाचा होकार, डावीकडचा पडला तर नकार. बाबांनी गाऱ्हाणं घातलं. उजवा पडला. माझे डोळे भरून आले.

अध्यक्ष म्हणाला, "गुरवदादा, कळा नीट चिकटला नव्हता. परत लावा."

"देवान सांगितलान ना? मग?" बाबा म्हणाले.

कुणीच बोललं नाही. काकूसुद्धा नाही. मग बाबांनी परत लावला. का लावलात हो बाबा? पुन्हा उजवाच पडला. "परत." या खेपेला डावा पडला आणि सगळ्या गावाने देवाच्या नावाचा गजर केला. मला त्या गावाची तेव्हा आली ती किळस अजून गेलेली नाही.

राईत खायला काही उरलं नाही, तेव्हा बोकड राईभोवतीचा दगडी गडगा ओलांडून अध्यक्षाच्या हापूसच्या बागेत शिरले. नवी लावलेली कलमं बोडकी झाली. मुंबईहून फोन आला आणि लगेच टेम्पो दारात. देवाच्या बोकडांचे पाय बांधले आणि त्यांना हातखंब्याच्या मटणवाल्याकडे धाडलं. कौलाचं नावसुद्धा कुणी काढलं नाही.

बाबा गडग्यावर बसून बघत होते. "आता नाही का विचारायचं देवाला?" मी मुद्दाम सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं.

"कलमां त्याची हायत," बाबा म्हणाले. "राई काय, देवाची."