मेलेल्यांची चॅट

काटोलहून संत्र्यांची पेटी आली, की लॉकडाऊनमधली ती दुपार आठवते. गच्चीवर उन्हात बसून, संत्र्यानं चिकट झालेल्या बोटांनी मी मोबाइलवर खेळत होते. आमच्यातलाच एक छुपा चोर एकेकाला मारायचा. बाकीच्यांनी चॅटवर भांडून, मतं देऊन त्याला बाहेर काढायचं. माझ्या जिवलग मैत्रिणीनं काटोलची एक नवी पोरगी खेळायला आणली होती, आणि चॅटवर त्या दोघींचंच गुळपीठ. मैत्रीण खेळात मेली तशी मी ठोकून दिलं, “काटोलवालीच चोर, मी पाह्यलं!” तिनं लिहिलं, “काहून खोटं बोलून राहिली वं?” पण सगळ्यांनी मलाच मानलं. ती बाहेर गेली, म्हणजे मेलेल्यांत जमा झाली, आणि मग मला आठवलं, मेलेल्यांची चॅट वेगळी असते, जिवंतांना ती दिसत नाही. खेळ संपेपर्यंत त्या दोघीच तिथं होत्या. काय बोलल्या, मी अजून विचारलेलं नाही. पेटीवर पाठवणाऱ्यांची नावं मात्र त्या दोघींची असतात.