भाऊजींचा स्टे

सरकारी काम रखडावं म्हणून देवाला नारळ फोडणारा माणूस अख्ख्या बालाघाटात एकच, आणि तो नेमका माझ्या वाट्याला साडू म्हणून आला. आमचे हे भाऊजी सिंचाई विभागात, म्हणजे पाटबंधारे खात्यात. त्यांची बदली झाली थेट झाबुआला, राज्याच्या पार दुसऱ्या टोकाला, तेव्हा त्यांनी जबलपूरला हायकोर्टात धाव घेतली. कोर्टाने सांगितलं, खात्याने यांच्या अर्जावर निर्णय घ्यावा, तोवर यांना हलवू नये. झालं, स्टे मिळाला! खातं जितकं झोपेल तितके भाऊजी घरी. मग फाइल सांभाळणाऱ्या बाबूची ते आईच्या मायेने काळजी घेऊ लागले. तो बिचारा मान मोडून लिहिताना दिसला की त्याच्यापुढे चहा ठेवून म्हणायचे, "इतनी भी क्या जल्दी है, बाबूजी? थोड़ा आराम करो." त्याने सुटी टाकली की भाऊजींच्या घरी शिरा व्हायचा. कोर्टाची भाषा तर अंगात अशी भिनली होती की पंगतीत पानावर हात आडवा धरून ते "यथास्थिती!" म्हणायचे. आहे तसं राहू द्या, एवढाच त्याचा अर्थ. पण वाढपी बुचकळ्यात पडून वरण ओतायचाच.

खुर्चीला डिंक लावून बसलेत, असं लोक म्हणायचे आणि मीही हसायचो. पण गोष्ट खुर्चीची नव्हतीच. ताई, म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण, सगळं विसरत चालली होती. भरवेलीला आमच्याकडे लग्नाला आणली, तर पिशवी छातीशी धरून दारातच बसून राहिली. "घरी कवा जाचं?" एवढंच विचारायची. स्वतःच्या घरात मात्र तिचे पाय आपोआप चालायचे. डोळे मिटूनही माठ सापडायचा, देवापुढचा दिवा लागायचा. "मले झाबुआचं भेव नाही," भाऊजी एकदा म्हणाले. "पण तिले तिथं हे घर कुठून आणून देऊ?"

दिवाळीच्या तोंडावर खात्याला अचानक जाग आली आणि निर्णय चक्क भाऊजींच्या बाजूने लागला. बदली रद्द! पेढे घेऊन भाऊजी आणि मी त्यांच्या घरी गेलो. ताई अंगणात तांदूळ निवडत होती. भाऊजींनी पेढा पुढे केला, तसा तिने पदर सावरला आणि परक्या माणसाशी बोलावं तसं म्हणाली, "बसा. आमचे हे जबलपूरले गेलेत, बदली थांबवाले. येतीनच आता."

भाऊजी पायरीवर बसले. हातातला पेढा पुड्यात ठेवत म्हणाले, "हौ, येतीन ते. काम झालं त्यायचं."

"लय बरं झालं," ताई म्हणाली. तिचा चेहरा इतका उजळला की माझ्याच्याने बघवेना.

मी आता त्यांची चेष्टा करत नाही. भाऊजी अजून त्याच ऑफिसात जातात, त्याच घरी परततात. फक्त फाटकापाशी थांबून विचारतात, "आत येऊ काय?" ती "हौ" म्हणाली, की मगच चपला काढतात.