बाळादादाने परत आणलेला चेंडू

शुक्रवारी सुट्टीच्या सकाळी लेबर कॅम्पमागच्या वाळूत आमच्यातले तरुण कामगार क्रिकेट खेळतात. मघाशी चेंडू माझ्या पायाशी आला. नवाकोरा टेनिस बॉल. उचलल्यावर त्याचा रबरी वास आला, आणि मी कुवेतच्या मीना अल-अहमदी रिफायनरीतला पाइप फिटर राहिलोच नाही.

कोकणात आमच्या गावच्या टीमचा मी शेवटच्या ओव्हरचा बॉलर होतो. अख्खी मॅच बाउंड्रीवर माडाखाली उभा. माझं डोकं शांत राहावं म्हणून तोवर माझ्याशी कुणी बोलायचं नाही, हा कप्तान बाळादादाचा नियम. तेव्हा ते एकटेपण मला मानाचं वाटायचं.

एका वर्षी फायनलला समोरच्यांना शेवटच्या चेंडूवर चार रन हवे होते. मी यॉर्कर टाकायला गेलो आणि फुलटॉस पडला. चेंडू माडांच्या पलीकडे गेला, त्यांचे ढोल सुरू झाले. बाळादादा स्वतः जाऊन चेंडू शोधून आला आणि माझ्या हातात ठेवला.

"फुडल्या वर्षी पण शेवटची तूच टाकायची हां."

तो भरवसा होता, पण मला तेव्हा ती शिक्षा वाटली. पुढचं वर्ष यायच्या आत मी कुवेतचा व्हिसा घेतला. गावात सगळ्यांना वाटतं, मी पोटासाठी आलो. इतक्या वर्षांत इथे माझ्या भरवशावर कुणी काही सोडलेलं नाही.

"अंकल, बॉल फेको!" खेळणारे ओरडले.

मी बॉलिंग टाकायला हात वर नेला. मग खाली वाकलो आणि चेंडू वाळूवरून घरंगळत सोडला.